चापूचा मुलूख

(सोनारी, ता. परंडा, जि. धाराशिव येथील स्मृती व्याख्यानमालेत एप्रिल २०२६ मध्ये दिलेलं व्याख्यान)



काळभैरवनाथाच्या या गावात मी लहानपणी यात्रेला यायचो. देवळाच्या आवारातली माकडं हातातला प्रसाद घेऊन जायची आणि आम्ही पोरं आईच्या पदराआड लपायचो. त्याच गावात आज गुरुजींच्या नावानं बोलायला उभा आहे, यानं मन भरून आलं आहे. गुरुजींनी मला सातवीला इतिहास शिकवला. त्या वर्षी आमची सहल परंड्याच्या किल्ल्यात गेली होती. खंदकाच्या कडेला आम्हाला बसवून त्यांनी विचारलं, या किल्ल्यातून राज्य चालवलेला, सगळ्यात लांबून आलेला माणूस कोण? आम्ही एका सुरात म्हणालो, मलिक अंबर. कुठून आला? हबसाणातून. हबसाण कुठं आहे? इथं आवाज कमी झाले. मग त्यांनी शेवटचा प्रश्न विचारला. त्याची आई त्याला कोणत्या नावानं हाक मारायची?

कुणालाच आलं नाही. गुरुजी म्हणाले, मलाही ठाऊक नाही, ज्याला कळेल त्यानं येऊन सांगावं.

मला ते कळायला तीस वर्षं लागली. उत्तर एका डच व्यापाऱ्याच्या रोजनिशीत होतं. पीटर व्हान डेन ब्रोक हा माणूस १६१७ साली दख्खनेत अंबरला भेटला आणि त्याचं मूळ नाव त्यानं लिहून ठेवलं, चापू. मी ते गुरुजींना येऊन सांगितलं. तेव्हा त्यांना नीट दिसत नव्हतं. त्यांनी नातवाला वही आणायला लावली आणि नाव लिहून घेतलं. मग म्हणाले, नाव मिळालं, आता मुलूख वाच. आजचं व्याख्यान म्हणजे त्या आज्ञेचा हिशेब आहे.

अंबरचं दख्खनेतलं आयुष्य तुम्हाला ठाऊक आहे, म्हणून थोडक्यात सांगतो. १६०० साली अहमदनगर मोगलांच्या हाती गेलं, चांदबिबी मारली गेली, आणि निजामशाही संपली असं सगळ्यांनी धरलं. अंबरनं राजघराण्यातला एक वारस शोधला, त्याला दुसरा मुर्तजा निजामशहा म्हणून गादीवर बसवलं, आपली मुलगी त्याला दिली आणि परंड्याला राजधानी केली. तिथून पुढं पाव शतक त्यानं मोगलांना दख्खन पचू दिली नाही. १६१० मध्ये खडकी वसवली, तेच पुढचं औरंगाबाद, आजचं छत्रपती संभाजीनगर. तिथं नहर काढून पाणी खेळवलं. १६२४ ला भातवडीला मोगल आणि आदिलशाही अशा दोन फौजांना त्यानं हरवलं. त्या लढाईत शहाजीराजे त्याच्या बाजूनं होते आणि शहाजीराजांचे भाऊ शरीफजी तिथंच पडले. १६२६ च्या मे महिन्यात अंबर गेला. २०२६ चा मे महिना म्हणजे त्याला चारशे वर्षं.

हे सगळं आपल्या पुस्तकांत आहे. पण त्याचा जन्म १५४८ च्या सुमाराचा, आणि आपली पुस्तकं सुरू होतात ती तो दख्खनेत पाय ठेवतो तिथून. त्याआधीची वीसएक वर्षं कोरी. जणू तो बोटीतच जन्मला. एका माणसाची कोरी राहिलेली ती वर्षं वाचायची तर आख्खा आफ्रिका खंड वाचायला घ्यावा लागतो. त्याचा इतिहास, राजकारण, बाजार, भाषा, देव, गाणी, सगळंच. आणि ते परंडा तालुक्यात बसून वाचता येतं, किंबहुना इथं बसून ते जास्त चांगलं कळतं, एवढंच मला आज सांगायचं आहे.

सुरुवात ताटापासून करू. आज दुपारी तुम्ही मला ज्वारीची भाकरी वाढली. ही ज्वारी आपल्या काळ्या रानात इतकी मुरली आहे की ती परमुलखातून आली असेल असं मनात येत नाही. मोहोळच्या संशोधन केंद्रात निवडलेली मालदांडी इथल्या घराघरात आहे, हुरडा आपल्याकडचा सण आहे, कडब्यावर आपली जनावरं जगतात. पण ज्वारी हे आफ्रिकेचं पीक आहे. पूर्व सुदानमध्ये, इथिओपियाच्या हद्दीजवळ, पाच हजारांहून जास्त वर्षांपूर्वीची खापरं मिळाली. मडकी घडवताना मातीत मिसळलेल्या तुसांचे ठसे त्यांत उमटले होते. रानटी ज्वारीला माणसानं पेरती ज्वारी केल्याचा तो सगळ्यात जुना पुरावा. बाजरी पश्चिम आफ्रिकेतली, सहारा वाळवंटाच्या दक्षिण काठावरची. नाचणी पूर्व आफ्रिकेच्या डोंगराळ भागातली. चवळी तिकडची, चिंच तिकडची, आणि जिला आपण नाथपंथाशी जोडून गोरखचिंच म्हणतो तो अजस्र बुंध्याचा वृक्षही तिकडचाच.

म्हणजे चापू दख्खनेत आला त्याच्या कितीतरी हजार वर्षं आधी त्याच्या शेजारच्या रानातलं धान्य इथं येऊन स्थिरावलं होतं. ते कुणी आणलं, कोणत्या होड्यांतून, बदल्यात काय गेलं, याचा कागद नाही. पण तिकडच्या कुठल्या तरी बाईनं मोठ्या कणसाचं बी वेगळं काढून ठेवलं, म्हणून आपल्या चुलीवर भाकरी आहे. आफ्रिकेनं जगाला काय दिलं असं कुणी विचारलं तर सोनारीच्या माणसानं आधी आपल्या ताटाकडं बघावं. सुदानमध्ये आजही ज्वारीचं आंबवलेलं पीठ तव्यावर पातळ पसरून किसरा नावाची पोळी करतात. दुष्काळात तग धरणारं पीक पेरणाऱ्या माणसाचा स्वभाव काय होतो, आभाळाकडं बघायची त्याची सवय कशी असते, हे आपल्याला वेगळं वाचायला लागत नाही.

आता चापूच्या घराकडं, म्हणजे हबसाणाकडं, आजच्या इथिओपियाकडं जाऊ. इथिओपियात १५२९ ते १५४३ अशी चौदा वर्षं भयंकर युद्ध चाललं. एका बाजूला तिथलं जुनं ख्रिस्ती राज्य, दुसऱ्या बाजूला अदल सलतनतीचा इमाम अहमद. ख्रिस्ती राजाच्या मदतीला १५४१ मध्ये पोर्तुगीज सैनिक उतरले, आणि त्यांचं आरमार आपल्या गोव्याहून निघालं होतं. त्यांचा म्होरक्या क्रिस्तोव्हाव द गामा हा वास्को द गामाचा मुलगा. तो १५४२ ला मारला गेला, पुढच्या वर्षी इमाम अहमद पडला. दोन्ही बाजू थकल्या आणि देश उघडा पडला. अशा मुलखात पाचेक वर्षांनी चापू जन्मला. युद्धानं मोडलेल्या देशात पोर धरून नेणं सोपं असतं. तो पोरवयात विकला गेला, तांबडा समुद्र ओलांडून येमेनच्या मोखा बंदरात आणि तिथून बगदादला. मीर कासिम नावाच्या व्यापाऱ्यानं त्याला शिकवलं, धर्म दिला, अंबर हे नाव दिलं, आणि पुढं दख्खनेत निजामशाहीचा पेशवा चंगीझखान याला विकलं. हा चंगीझखानही हबशी, स्वतः कधीकाळी विकला गेलेला.

इथं थांबून एक गोष्ट नीट बघितली पाहिजे, कारण आपण ती सोयीनं टाळतो. या व्यापारात इकडून काय जायचं? कापड. भारतातल्या सुती कापडाला इथिओपियात मोठी मागणी होती, आणि किमतीपोटी सोनं, हस्तिदंत आणि माणसं यायची. सुलतानांना असे शिपाई हवे असत की ज्यांचं इथं गोत नाही, सोयरीक नाही, ज्यांची निष्ठा फक्त धन्याशी. म्हणून दख्खनेचं राजकारण, गुजरातचं विणकाम आणि इथिओपियातलं युद्ध या तीन गोष्टी एकाच दोरीत ओवलेल्या होत्या. इतिहासाचं पुस्तक वेगळं, अर्थशास्त्राचं वेगळं, समाजाचं वेगळं असं वाचलं की ही दोरी दिसत नाही. अटलांटिक महासागराच्या बाजूनं सव्वा कोटीच्या आसपास आफ्रिकी माणसं जहाजांत कोंबून अमेरिकेकडं नेली गेली, हे बरेच जण वाचतात आणि युरोपला दोष देतात. तो दिलाच पाहिजे. तिकडचा गुलाम मळ्यात मेला, इकडचा गुलाम पेशवा होऊ शकला, हा फरकही खरा. पण विकला गेलेला पोरगा दोन्हीकडं पोरगाच होता. अंबरचा पराक्रम सांगताना चापूचं दुःख झाकलं जाऊ नये.

मग हे सगळं वाचायचं कुणाकडून? अंबरबद्दल लिहिलं त्याच्या शत्रूंनी. जहांगीरच्या आठवणींत त्याच्या वाट्याला शिव्याच आल्या. जहांगीरनं १६१६ च्या सुमाराला अबुल हसनकडून एक चित्र काढून घेतलं. त्यात बादशहा पृथ्वीच्या गोलावर उभा राहून अंबरच्या कापलेल्या मुंडक्यावर बाण मारतो आहे. प्रत्यक्षात ते मुंडकं त्याला कधीच मिळालं नाही. अंबर गेल्यावर मोगलांच्याच मुतमदखानानं मात्र त्याच्या युद्धकौशल्याची आणि कारभाराची मोकळ्या मनानं तारीफ लिहिली. कवींद्र परमानंदांच्या शिवभारतातही त्याच्या शौर्याचा गौरव आहे. तरी चापूच्या स्वतःच्या हातचं, स्वतःच्या मायबोलीतलं एक पान आपल्याकडं नाही.

हीच अडचण आख्ख्या खंडाची आहे. युरोपातल्या मोठमोठ्या पंडितांनी आफ्रिकेला इतिहासच नाही असं लिहून ठेवलं, आणि हे अगदी १९६३ पर्यंत ऑक्सफर्डमधून बोललं जात होतं. त्याला उत्तर म्हणून १९६४ मध्ये युनेस्कोनं आफ्रिकेचा सर्वसाधारण इतिहास लिहायचं काम हाती घेतलं. त्याचे आधी आठ खंड झाले. पहिल्या खंडाचं संपादन बुर्किना फासोच्या जोसेफ की-झेर्बो यांनी केलं, आणि त्यात मौखिक परंपरेला लेखी कागदाच्या मांडीला मांडी लावून बसवलं. कागद नसेल तर माणसाला विचारा, गाण्याला विचारा, खापराला विचारा, शब्दाला विचारा.

तुळजापूर आपल्याच जिल्ह्यात आहे, त्यामुळं हे आपल्याला समजावून सांगायला नको. संबळ वाजला की गोंधळी देवीची, वीरांची, घराण्यांची कथा रात्रभर सांगतो. पश्चिम आफ्रिकेत ग्रिओ हे काम करतात. घराणं पिढीजात, वाद्य पिढीजात, राजाची वंशावळ तोंडपाठ. तेराव्या शतकात माली साम्राज्य उभं करणारा सुंदियाता याची कथा अशीच ग्रिओंच्या तोंडी टिकली. जिब्रील तामसीर नियान या गिनीच्या अभ्यासकानं मामादू कुयाते नावाच्या ग्रिओपाशी बसून ती ऐकली आणि १९६० मध्ये पुस्तकरूपात आणली. तेरावं शतक म्हणजे आपल्याकडं ज्ञानेश्वरीचं शतक. हे दोन्ही शेजारी ठेवून वाचून बघा.

इथिओपियाला तर लेखनाची जुनी परंपरा आहे. त्यांच्या गीझ लिपीत व्यंजन तेच राहतं आणि स्वराप्रमाणं त्याचा आकार थोडा बदलतो, एकेका अक्षराची सात रूपं. आपल्या बाराखडीचीच रीत. लालिबेला इथं अकरा चर्च अखंड कातळात कोरलेली आहेत, त्यांतली काही वरून खाली कोरत आणलेली. जगभरचे लोक ती बघून थक्क होतात. वेरूळचं कैलास लेणं बघितलेला माणूस थक्क होतोच, पण त्याला त्या पाथरवटाच्या मनातलं आधी कळतं, की चुकीचा एक घाव पडला तर दगड परत जोडता येत नाही.

मला कुणी विचारलं की आफ्रिका वाचायला कुठून लागू, तर मी आधी कादंबरीच हातात देतो. जाड इतिहास नंतर. चिनुआ अचेबे यांची थिंग्ज फॉल अपार्ट १९५८ ची. नायजेरियातल्या इग्बो लोकांचं एक गाव. तिथं कोनफळाच्या जातीचा कंद हे मुख्य पीक, ज्याची कोठारं भरलेली त्याला मान. पाहुणा आला की कोलाची बी फोडून देतात, आपण पानसुपारी पुढं करतो तशी. वडीलधाऱ्यांची बैठक आहे, देवऋषी आहे, सोयरिकीची बोलणी आहेत, आणि त्या गावाचा जुना क्रूरपणाही आहे. अचेबे तो लपवत नाहीत. मग पाद्री येतो, कचेरी येते, आणि घडी उसवत जाते. शेवटी नायक गळफास घेतो. तिथला इंग्रज अधिकारी एक पुस्तक लिहिण्याच्या विचारात असतो. या माणसावर आख्खं प्रकरण नाही, पण एक परिच्छेद लिहिता येईल, असा हिशेब तो मनात करतो. ते पान वाचून मी पुस्तक मिटलं आणि बराच वेळ बसून राहिलो. एका माणसाचं, एका गावाचं, एका खंडाचं आयुष्य राज्यकर्त्याच्या पुस्तकात परिच्छेदाएवढं होतं. अंबरचंही तेच झालं होतं.

दुसरे न्गुगी वा थिओंगो. केनियाचे. २०२५ च्या मे महिन्यात ते वारले. त्यांच्या शाळेत गिकुयू ही घरची भाषा बोलताना पोर सापडलं तर छड्या बसायच्या किंवा गळ्यात पाटी अडकवायचे. इंग्रजीत नावाजलेले लेखक झाल्यावर त्यांनी आपल्या गावकऱ्यांसोबत गिकुयूत नाटक केलं. शेतकऱ्यांना कळणाऱ्या भाषेतलं नाटक सरकारला सोसलं नाही. १९७७ च्या शेवटी त्यांना खटल्याशिवाय तुरुंगात टाकलं. तिथं कोठडीत मिळणाऱ्या शौचालयाच्या कागदावर त्यांनी गिकुयूमध्ये कादंबरी लिहिली.

मराठवाड्यातल्या जुन्या माणसांना ही गोष्ट परकी वाटणार नाही. निजामाच्या राज्यात कारभार उर्दूत, वरचं शिक्षण उर्दूत. मराठी शाळा काढायची तर झगडावं लागायचं. आमच्या वडिलांच्या पिढीनं तो काळ काढला. १७ सप्टेंबर १९४८ ला आपण मोकळे झालो आणि १९५६ ला भाषेप्रमाणं हैदराबाद राज्याच्या तीन वाटण्या झाल्या. बिदर-कलबुर्गीकडं सोयरीक असलेली घरं आजही इथं आहेत, रेघ कुठून गेली हे त्यांना विचारा. आता नोव्हेंबर १८८४ ते फेब्रुवारी १८८५ या काळात बर्लिनमध्ये भरलेली परिषद वाचा. आफ्रिकेत कुणी कुठं हातपाय पसरायचे याचे नियम युरोपच्या सरकारांनी टेबलावर ठरवले आणि त्या टेबलाशी एकाही आफ्रिकी माणसाला बोलावलं नव्हतं. पुढच्या वीसएक वर्षांत रेघा पडल्या. सोमाली बोलणारे लोक पाच हद्दींत विभागले गेले. आपल्याकडची रेघ निदान भाषा विचारून पडली, तरी सीमाभागातला माणूस सत्तर वर्षं दुखावलेला आहे. तिकडच्या भांडणांच्या बातम्या वाचताना हा हिशेब मनात ठेवा. युरोपच्या या वाटणीला एक मोठा अपवाद होता आणि तो चापूच्या देशाचाच. १८९६ मध्ये अडवा इथं सम्राट मेनेलिक यांच्या फौजेनं इटलीचा धुव्वा उडवला आणि इथिओपिया स्वतंत्र राहिला.

पण सगळा दोष रेघेवर टाकून वाचक मोकळा होऊ शकत नाही. रुआंडात १९९४ मध्ये शंभरेक दिवसांत आठ लाखांच्या आसपास माणसं मारली गेली. मारणारे आणि मरणारे एकाच गावचे, एकच भाषा बोलणारे, आणि रेडिओवरून रोज विष ओतलं जात होतं. ते वाचताना माझा हात थरथरला. आपल्या खिशातल्या फोनवर रोज काय येतं ते आठवा.

आता बाजार. सोयाबीन घेऊन बार्शीच्या किंवा लातूरच्या आडतीवर गेलेल्या माणसाला आफ्रिकेचं अर्थकारण दोन वाक्यांत कळतं. भाव आपण ठरवत नाही, आणि तेल काढून डब्यात भरणारा आपल्यापेक्षा जास्त कमावतो. जगातला निम्म्याहून अधिक कोको आयव्हरी कोस्ट आणि घाना या दोन देशांत पिकतो, पण चॉकलेटचा पैसा मुख्यतः युरोप-अमेरिकेतल्या कंपन्यांकडं राहतो. विजेच्या गाड्यांच्या बॅटरीला लागणारं कोबाल्ट बहुतांश काँगोच्या जमिनीतून निघतं आणि काँगोचा खाणकामगार गरीब आहे. वॉल्टर रॉडनी या गयानाच्या इतिहासकारानं १९७२ मध्ये पुस्तक लिहून सांगितलं की युरोपची श्रीमंती आणि आफ्रिकेची गरिबी ही एकाच व्यवहाराची दोन टोकं आहेत. त्यांची काही मतं आज मला एकांगी वाटतात, स्वातंत्र्यानंतरच्या आफ्रिकी राज्यकर्त्यांच्या लुटीचं माप त्यांच्या तराजूत पुरतं येत नाही. तरी प्रश्न विचारायची रीत त्यांच्याकडूनच शिकावी.

याच गावात साखर कारखाना आहे, म्हणून मॉरिशसबद्दल दोन शब्द बोलतो. हे बेटही आफ्रिकेतच धरतात. गुलामगिरी बंद झाल्यावर उसाच्या मळ्यांना माणसं हवी होती. १८३४ पासून भारतातून करारावर मजूर गेले, पुढं साडेचार लाखांवर. त्यांत मुंबई बंदरातून गेलेले कोकणातले मराठी लोकही होते. त्यांची पोरंबाळं आजही तिथं गणपती बसवतात, आणि मोका इथल्या महात्मा गांधी संस्थेत मराठी शिकवली जाते. करार पाच वर्षांचा. मजूर एक दिवस कामावर आला नाही तर दोन दिवसांची मजुरी कापायचे. मी हे वाचत होतो तेव्हा आमच्या रस्त्यानं ऊसतोडीच्या गाड्या चालल्या होत्या, बैलांच्या मागं संसार आणि संसारावर बसलेली लेकरं. उचल, मुकादम, कोयता, खाडा झाला की दंड. शब्द वेगळे, हिशेब तोच. दूरचा देश वाचला की जवळचं माणूस दिसतं, ते असं. जिल्ह्यातल्या शाळेतलं पोर दिवाळीनंतर वर्गातून का गायब होतं, हे मॉरिशसच्या इतिहासातून मला जास्त टोचलं.

भाषेत शिरायला मला विशेष आवडतं. पूर्व आफ्रिकेच्या स्वाहिली भाषेत गाडीला गारी म्हणतात, पैशाला पेसा, लाखाला लाकी, दुकानाला दुका, चपातीला चपाती. केनियात २००७ मध्ये मोबाईलवरून पैसे पाठवायची जी सोय सुरू झाली आणि जिच्याकडं पुढं सगळं जग बघू लागलं, तिचं नावच एम-पेसा. टांझानियाचे पहिले अध्यक्ष ज्युलियस न्येरेरे यांनी राज्य चालवता चालवता शेक्सपिअरची दोन नाटकं स्वाहिलीत आणली, लोकांची भाषा कुठलाही विचार पेलू शकते हे दाखवायला.

आणि या वाटेवर मराठीही चाललेली आहे. १९१२ साली नामदार गोखले दक्षिण आफ्रिकेला गेले, तिथल्या हिंदी मजुरांवरच्या जाचक कराविरुद्ध. तिथं कोकणी मुसलमान आणि मराठी हिंदू होते. गांधीजींनी गोखल्यांना आग्रह केला की या लोकांपुढं मराठीत बोला, मी हिंदुस्थानीत सांगतो. गोखले हसले, तुम्हाला मराठी कधीपासून येऊ लागली म्हणून. पण तिथून झांजिबारपर्यंत, जिथं अशी माणसं भेटली तिथं ते मराठीत बोलले आणि गांधीजींनी अर्थ सांगितला. दक्षिण आफ्रिकेतल्या सत्याग्रहाच्या इतिहासात गांधीजींनी हे स्वतः लिहिलं आहे. आपल्या लातूरच्या डॉ. जनार्दन वाघमारे यांनी अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांच्या साहित्य-संस्कृतीवर मराठीत ग्रंथ लिहिला. त्याआधी १९७२ मध्ये मुंबईत दलित पँथर उभी राहिली ती अमेरिकेतल्या ब्लॅक पँथरची हाक ऐकून. म्हणजे आपल्या समाजानं स्वतःचं दुःख ओळखताना आफ्रिकेच्या लेकरांची पुस्तकं उशाला घेतली होती.

तरीही आपण काय करतो? शहरात शिकायला आलेल्या आफ्रिकी विद्यार्थ्याला खोली देताना तोंड फिरवतो. लग्नाच्या बोलण्यात मुलीचा रंग आधी विचारतो. हबशी हा शब्द आपण शिवीसारखा वापरतो आणि त्याच तोंडानं परंड्याचा, खडकीचा अभिमान सांगतो. ही आपली चूक आहे आणि ती आपल्यालाच सुधारायची आहे.

विद्यार्थ्यांनो, वाचताना गुरुजींचा एक नियम पाळा. नकाशा मांडल्याशिवाय पुस्तक उघडायचं नाही. आफ्रिका हा एक देश नाही, चोपन्न देश आहेत. जमीन भारताच्या नऊपट, माणसं साधारण आपल्याएवढीच. काहिरातला विद्यार्थी आणि झुलू गुराखी यांना एका वाक्यात कोंबणारं पुस्तक हाती आलं तर बाजूला ठेवा. दुष्काळाची बातमी वाचाल त्या आठवड्यात तिथली एक गोष्ट किंवा कविताही वाचा. तिथल्या माणसानं लिहिलेलं आधी, त्याच्यावर लिहिलेलं मागाहून. इंग्रजी अडलं तर मराठी विश्वकोशातली आफ्रिकेची नोंद फोनवर फुकट वाचता येते, तिथून लागा.

आणि मे महिन्यात कुणी खुलताबादला गेलात तर औरंगजेबाची कबर बघून परत फिरू नका. अंबरची कबर तिथून जवळ आहे, तिथं जा आणि मनातल्या मनात त्याला चापू म्हणून हाक मारा.

शेवटी इथल्या वाचनालयाच्या मंडळींना एक विनंती आहे. इथं यायच्या आधी मी तुमची पुस्तकांची नोंदवही पाहिली. आफ्रिकेवर एकही पुस्तक त्यात नाही. मी आज पाच आणली आहेत, गुरुजींच्या नावानं त्यांचा वेगळा कप्पा करा. व्याख्यान संपलं की ती टेबलावर असतील. ज्याला पहिलं न्यायचं असेल त्यानं पुढं यावं आणि वहीत नाव लिहावं.